ओळ आणि ओघ

भाऊबीजेला बहिणीच्या घरी जायचे हा आमचा फार वर्षांचा नेम आहे. बहीण दिली आहे कोरेगाव भीमाला. पुण्याहून नगरच्या रस्त्याने निघावे, वाघोली आणि लोणीकंद मागे टाकावे, पेरण्याच्या हद्दीतील जयस्तंभ डाव्या-उजव्या गर्दीतून दिसला न दिसला तोच भीमेचा पूल यावा आणि पुलापलीकडे गाव लागावे. १ जानेवारी १८१८ च्या लढाईत पडलेल्या शिपायांची नावे त्या स्तंभावर कोरलेली आहेत. १९२७ साली डॉक्टर आंबेडकर तेथे मानवंदना द्यायला आले, आणि आता दर वर्षाच्या पहिल्या दिवशी तेथे माणसांचा पूर लोटतो. त्या दगडावरच्या ओळींचे मला नेहमी एक वाटते, की त्या ओळींना आता कसलीही भीती नाही. कोरले ते कोरले. उद्या सकाळी त्यातला एखादा शब्द बदलण्याची वेळ येणार नाही. आणि त्यांच्यापासून काही पावलांवरच नदी वाहते, तिचे मात्र या क्षणाचे म्हणणे पुढच्या क्षणी तेच राहील, याची खात्री नाही. ओळ आणि ओघ यांचे हे शेजारपण मी कित्येक वर्षे नुसते पाहत आलो. त्यात एखादा नैतिक प्रश्न दडला असेल असे मात्र यंदाच्या भाऊबीजेपर्यंत मनात आले नव्हते.

सकाळी पोहोचलो तेव्हा बहीण अंगणात ठिपक्यांची रांगोळी काढीत होती. पंधरा ठिपके, पंधरा ओळी. ठिपके घालताना तिचे ओठ मिटलेले असतात आणि तिच्याशी कुणी बोलायचे नसते, कारण एक ठिपका जरा कललेला पडला, तर तिथे काही दिसत नाही. पण पुढे रेघा जोडू लागले की सारे कमळ एका अंगाला झुकते. ओट्यावर तिचा मुलगा मांडीवर संगणक घेऊन बसला होता. सणासुदीलाही त्याचे काम सुटत नाही, म्हणून मी त्याची थोडी थट्टा केली. तेव्हा बहिणीने मान वर न करता म्हटले, "दादा, त्याला हसू नको. त्याचंही काम माझ्यासारखंच आहे. ठिपके ओळीत ठेवायचे. माझे ठिपके ठेवले तिथे राहतात, त्याचे पळतात, एवढाच काय तो फरक."

भाच्याचे काम असे आहे. मोबाइलच्या किंवा संगणकाच्या पडद्यावर जे आकडे, शब्द आणि चौकटी दिसतात, त्या कुठे असाव्यात, कशाखाली काय यावे, हे तो ठरवतो. त्यातही त्याच्या वाट्याला आलेले आकडे स्थिर नसतात. ते कुठल्या तरी यंत्राकडून अखंड येत राहतात आणि पडद्यावर दर थोड्या वेळाने बदलतात. त्या दिवशी एक आकडा शेजारच्या आकड्यापेक्षा केसभर खाली दिसत होता, आणि तो वर घेण्यात त्याची सारी सकाळ गेली होती.

मी म्हटले, "केसभर खाली असला तर बिघडले कुठे? आकडा तर बरोबर आहे ना?"

तो म्हणाला, "मामा, तुमच्या ताटात मीठ भाताच्या मुदीखाली वाढलं तर काय बिघडेल? मीठ तर बरोबर आहे."

या उत्तराने मी गप्प झालो. आपल्याकडे ताट वाढण्याला एक शिस्त आहे. डावीकडे चटणी-कोशिंबीर, उजवीकडे भाजी-आमटी, माथ्यावर मीठ. ही शिस्त शोभेसाठी आहे, असे लहानपणी वाटायचे. पण गप्पांत रंगलेल्या माणसाचा हात न पाहता नेमका लोणच्यापाशी जातो, तो त्या शिस्तीमुळे. वाढणारा एकदा विचार करतो आणि जेवणारा शंभर वेळा विचार करण्यापासून सुटतो. वाण्याच्या किर्दीचेही तेच. जमा एका बाजूला, नावे एका बाजूला, एककाखाली एकक, दशकाखाली दशक. शाळेत गुरुजींनी बेरजेचा आकडा सरकला म्हणून छडी मारली असेल, तर ती अक्षराच्या सौंदर्यासाठी नव्हे. सरकलेला आकडा बेरीज चुकवतो, म्हणून मारली. मोडी लिहिणारा कारकून तर आधी कागदाच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत रेघ ओढून घेई आणि मग तिला अक्षरे लटकावी. मजकूर काय असेल हे ठरण्यापूर्वी ओळ ठरलेली असे.

भाच्याने आणखी एक गंमत सांगितली. रोमन अक्षरे जमिनीवर उभी असतात. आपली अक्षरे दोरीवर वाळत घातलेल्या धुण्यासारखी वरून लोंबतात. पडद्यावरच्या चौकटी बहुतेक त्या उभ्या अक्षरांच्या मापाने बेतलेल्या. मग आपली वेलांटी, आपला रफार चौकटीच्या वर डोके काढतो आणि कापला जातो. आकड्यांतही एक अंक अरुंद, दुसरा रुंद. त्यामुळे येणारा आकडा बदलला की शेजारचे सारे आकडे इकडून तिकडे हलतात आणि रकाना नाचू लागतो. म्हणून सर्व अंकांना सारखीच जागा द्यायची. आत बसणारा लठ्ठ असो की रोडका, पाट एकाच मापाचा. हे ऐकून माझी खात्री पटली की सरळ मांडणीला सजावट म्हणणे हा तिच्यावर अन्याय आहे. ती पाहणाऱ्याविषयीची कळकळ आहे. ज्याला आपण कधी भेटणार नाही अशा माणसाच्या डोळ्यांचे कष्ट वाचवणे, हा लहानसा का होईना, धर्मच आहे.

इथेच लेख संपला असता तर सणाच्या दिवसाला साजेसा झाला असता. पण दुपारी जेवणे झाल्यावर दाजींनी जी हकिगत सांगितली, तिने माझ्या या गुळगुळीत निष्कर्षाला तडा गेला.

ती सांगण्यापूर्वी नदीचे थोडे सांगायला हवे. भीमा भीमाशंकरी उगम पावते, चासकमानच्या धरणात थबकते आणि पुढे येते. भामा नदीवर आसखेडचे धरण आहे. भीमा, भामा आणि इंद्रायणी यांचा संगम म्हणून तुळापूर प्रसिद्ध आहे. तिथून हे सारे पाणी कोरेगावच्या पुलाखाली येते. पुण्यात ज्याची पावसाळाभर चर्चा चालते ते खडकवासल्याचे पाणी मात्र मुळा-मुठेतून जाते आणि खाली रांजणगाव सांडसला भीमेला मिळते. म्हणजे ते या पुलाखालून जातच नाही. तरी पुण्यात विसर्ग वाढल्याची बातमी आली की बहिणीला नातेवाइकांचे फोन सुरू होतात, आणि वरच्या अंगाला चासकमानचे दरवाजे उघडले तर कुणाला पत्ता नसतो. याचे एक कारण असे, की पावसाळ्यात फिरणाऱ्या कोष्टकांत सगळी धरणे एकाखाली एक, एकाच मापाच्या अक्षरांत, मांडीला मांडी लावून बसलेली असतात. कुणाचे पाणी कुणाच्या दारी जाते, हे ओळीत बसल्यावर दिसत नाही.

विसर्ग क्युसेकमध्ये सांगतात. एक क्युसेक म्हणजे सेकंदाला एक घनफूट, सुमारे २८ लिटर पाणी. साडेअकरा हजारांहून थोडे अधिक क्युसेक पाणी एक अख्खा दिवस आणि रात्र वाहिले, की एक टीएमसी, म्हणजे शंभर कोटी घनफूट होते. पूर्वी पुलाच्या खांबावर रंगवलेली मोजपट्टी पाहून माणूस पाण्याची पातळी वहीत टिपायचा. अजूनही काही ठिकाणी टिपतो. पण आता कृष्णा-भीमेच्या खोऱ्यात पाऊस आणि पाणी आपोआप मोजून पाठवणारी यंत्रेही बसलेली आहेत. हे निरोप निघतात एका वेळी आणि पोहोचतात दुसऱ्या वेळी. वीज जाते, वादळात मनोरा बंद पडतो, आणि चारचा निरोप पाचच्या मागून येतो. पत्रावर जशी लिहिल्याची तारीख एक आणि पोचल्याचा शिक्का दुसरा, तसेच हे. सासुरवाशिणीची दोन पत्रे उलट्या क्रमाने हातात पडली की आईच्या जिवाची जी घालमेल होई, ती आमच्या आधीच्या पिढीला ठाऊक आहे. 'बरे वाटते' आधी वाचायचे आणि 'ताप आला आहे' मागून.

आता दाजींची हकिगत. काही वर्षांपूर्वीच्या एका पावसाळ्यात चार दिवसांची झड लागली होती. नदीकाठी दाजींची आणि आणखी तिघा शेतकऱ्यांची भागीतली मोटर होती. पाणी चढणार असे दिसले, की मोटर सोडवून वर ओढून घ्यायची, हा नदीकाठचा रिवाज. रात्री नऊला दाजींनी मोबाइलवर पाण्याचे कोष्टक पाहिले. वरच्या अंगाच्या पातळीचा आकडा संध्याकाळी होता तोच होता. अकराला पाहिले, तोच. शेजारी वेळ अकराचीच. सुबक रकाना, एकाखाली एक सारखे आकडे. पाणी थांबले आहे असे कुणालाही वाटावे. दाजी झोपले. पहाटे मोटर, नळ, स्टार्टरची पेटी, सगळे गेले. काठच्या खोपटात त्यांचा सालगडी झोपायला असे. पाण्याचा आवाज बदलला म्हणून तो उठून बाहेर आला, आणि त्याच्या मागे खोपट गेले. त्याच्यापाशी कोष्टक नव्हते, म्हणून तो सावध राहिला, असेच म्हणायला हवे.

झाले होते ते असे. वरचे यंत्र संध्याकाळीच मुके झाले होते. पण निरोप आला नाही, तर रकान्यात भोक पडते आणि ते वाईट दिसते. म्हणून शेवटचा आकडाच पुढे चालू ठेवावा, असा नियम कोष्टकाच्या आत लिहून ठेवलेला होता. शेजारची वेळ मात्र घड्याळाची, ती आपली पुढे सरकत होती. हे कोष्टक माझ्या भाच्याच्याच कचेरीने रचलेले होते आणि तो नियम त्याने स्वतःच्या हाताने लिहिलेला होता. दाजी हे सांगत असताना तो ओट्याच्या खांबाला टेकून ऐकत होता. बापाने दोष दिला नाही, मुलाने सफाई दिली नाही. आबा, म्हणजे त्याचे आजोबा, सुपारी कातरीत होते. त्यांचा अडकित्ता तेवढा थांबला.

तेव्हापासून मी हा प्रश्न मनात घोळवतो आहे. यात खोटे कोण बोलले? आकडा खोटा नव्हता. तो संध्याकाळी खरा होता. वेळही खोटी नव्हती. तेव्हा अकराच वाजले होते. दोन खऱ्या गोष्टी एका ओळीत शेजारी बसवल्या, आणि त्यांच्या शेजारपणाने जे सांगितले ते खोटे होते. इथे मला धर्मराज आठवतो. अश्वत्थामा मेला, हे त्याने स्पष्ट उच्चारले, आणि तो हत्ती होता, हे हलक्या आवाजात, शंखांच्या गजरात. शब्द एकही खोटा नव्हता. खोटी होती ती मांडणी: काय मोठ्याने, काय हळू, याची निवड. जमिनीपासून चार बोटे वर चालणारा त्याचा रथ त्या मांडणीमुळे खाली आला, असे महाभारत सांगते. पडद्याच्या कोपऱ्यात फिकट, बारीक अक्षरांत 'माहिती जुनी असू शकते' असे लिहून मोकळा होणारा रचनाकार याच धर्मराजाच्या वंशातला.

कुणी म्हणेल, धर्मराजाच्या मनात फसवायचे होते, तुमच्या भाच्याच्या मनात नव्हते. हे खरे आहे, आणि म्हणूनच हा प्रश्न मला अधिक अवघड वाटतो. द्वेषातून आलेला असत्याचा दोष ओळखता येतो. नीटनेटकेपणाच्या आवडीतून आलेला ओळखता येत नाही. घर आवरताना आपण पसारा कपाटात कोंबतो, तसे भोक बुजवताना त्याला कुठलेच पाप वाटले नसणार. उलट पाहणाऱ्याच्या डोळ्यांना त्रास नको, हीच त्याची भावना असणार. म्हणजे सकाळी ज्या गुणाला मी धर्म म्हटले, तोच गुण रात्री एका माणसाला पाण्याच्या तोंडी देऊन आला.

भाच्याची बाजूही ऐकायला हवी. संध्याकाळी पुलाकडे फिरायला गेलो असता तो म्हणाला, "मामा, जागा रिकामी ठेवली तर लोक म्हणतात, यंत्र बंद पडलंय, आणि दोनदा असं झालं की पाहणंच सोडून देतात. प्रत्येक आकड्यापुढे शंका लिहिली तर आकडाच वाचत नाहीत." या म्हणण्यात तथ्य आहे. प्रत्येक वाक्याआधी 'बहुधा' म्हणणाऱ्या साक्षीदाराचा कोर्टाला उपयोग नसतो. संकटाच्या वेळी लोकांना स्पष्ट शब्द हवा असतो. सगळे निरोप येईपर्यंत थांबायचे म्हटले तर पूर आधी येईल आणि कोष्टक मागून. लग्नाच्या पंगतीत यजमानाला हीच अडचण पडते. उशिरा येणाऱ्यांसाठी थांबावे तर आलेल्यांचे अन्न निवते. न थांबावे तर आलेला माणूस ताटकळतो. किती थांबायचे याचे गणित नाही. थांबल्याने कुणाचे नुकसान, न थांबल्याने कुणाचे, हे पाहून ठरवावे लागते. विजेच्या बिलाचा हिशेब खुशाल दोन दिवस थांबावा. पुराचा आकडा मात्र आला तसा सांगावा आणि चुकला तर चुकला म्हणून दुरुस्त करावा.

पण पंगतीनेच मला पुढची वाट दाखवली. एखादा पाहुणा आला नाही, तर त्याचे पान ओळीत रिकामे दिसते. शेजारच्याला दोन पानांवर बसवून ओळ भरल्याचा देखावा कुणी करीत नाही. रिकाम्या पानाने पंगत वाकडी होत नाही; उलट कोण यायचा राहिला, हे साऱ्या मांडवाला कळते. ओळ राखणे आणि भोक बुजवणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. त्यांची आपण गल्लत केली होती.

आपल्या घरात याचा एक जुना दाखला भिंतीला लटकत असतो, तो म्हणजे पंचांग. गणपत कृष्णाजींनी १८३१ साली मुंबईत शिळाछापावर पंचांग काढले, तेव्हापासून ते छापील रूपात घरोघर गेले. आकाश हाही ओघच. चंद्र कुणासाठी थांबत नाही आणि मध्यरात्रीचे ठोके मोजून तिथी बदलत नाही. पंचांगाने त्याला रकान्यांत बसवले, पण बसवताना तिथी कुठे संपते ते घटका-पळांत शेजारीच लिहिले. एखादी तिथी दोन सूर्योदयांना सापडते, एखादी एकालाही सापडत नाही; पंचांगकर्त्याने वृद्धी आणि क्षय असे स्वच्छ शब्द योजून तो वाकडेपणा ओळीतच दाखवला. २०२४ च्या दिवाळीत अमावास्या ३१ ऑक्टोबरच्या दुपारी लागून १ नोव्हेंबरच्या संध्याकाळपर्यंत होती, आणि लक्ष्मीपूजन कधी, यावर घरोघर वाद झाले. फराळाच्या ताटावरचा तो वाद कित्येकांना त्रासाचा वाटला असेल. मला वाटते, तो पंचांगाच्या प्रामाणिकपणाचा पुरावा होता. अमावास्या ओढून-ताणून एका तारखेत बसवली असती, तर वाद झाला नसता. पण चंद्राविषयी एक सोयीस्कर खोटे आपण घरात लावून ठेवले असते.

तेव्हा मला एवढे म्हणायचे आहे. वाहत्या गोष्टीला ओळीत बसवणे हे पाप नाही. न बसवली तर ती कुणाला वाचताच येणार नाही. पण ओळ जागेची असावी, काळाची नसावी. आकड्याखाली आकडा सरळ यावा, मात्र चारचा आकडा पाचच्या पंगतीत बसवताना त्याच्या कपाळी चारच लिहिलेले असावे, आणि तेही आकड्याइतक्याच ठळक अक्षरात. जो बोलला नाही त्याचे मौन त्याच्या जागेवर दिसावे. गोष्टी मुळात जेवढ्या सरळ आहेत त्याहून सरळ दाखवण्याचा अधिकार मांडणाऱ्याला नाही. हा नियम आकड्यांपुरता नाही. आपण मुलांची प्रगती सांगतो, घराण्याचा इतिहास सांगतो, गावाचा, देशाचा हिशेब मांडतो. तेव्हा मधल्या ज्या वर्षांचे काही कळले नाही, तिथे मागचाच आकडा पुढे ओढण्याचा मोह आपल्यालाही होतोच.

भाच्याने त्या कोष्टकातला नियम बदलून घेतला आहे. आता निरोप आला नाही तर त्या जागी आडवी रेघ येते आणि तिच्याखाली शेवटचा निरोप किती वाजताचा, ते. कचेरीत यावर बरीच वादावादी झाली. पडदा दात पडल्यासारखा दिसतो, असे वरिष्ठांचे म्हणणे पडले. शेवटी पुराच्या कोष्टकापुरते त्यांनी मान्य केले. बाकीच्या कोष्टकांत भोके अजून बुजवलेलीच आहेत. "एकदम सगळं होत नाही, मामा," असे तो म्हणाला. तेही खरेच.

परतताना आबा आमच्याबरोबर पुलापर्यंत आले होते. दिवाळीतली भीमा शांत, निवळलेली. त्यांनी मला काठावरची एक जागा दाखवली. मोबाइल नव्हते तेव्हा पावसाळ्यात ते पाण्याच्या कडेला तिथे एक काठी रोवून ठेवीत आणि कंदील घेऊन रात्रीतून तीन-चारदा पाहायला येत. काठी पाण्यात गेली की मोटर काढायची.

मी विचारले, "एकदा पाहिल्यावर अंदाज येत नसे का?"

"एकदा पाहून पाणी कळत नाही," आबा म्हणाले. "दुसऱ्यांदा यावं लागतं."

भाचा काही बोलला नाही. त्याने खाली वाकून, काठी रोवण्याची ती जागा नीट पाहून घेतली.